शिंक आली अन् हाड मोडलं!

जिन्यावरून गडगडत पडलो आणि हाड मोडलं, यात नवल नाही. पण नुसतं शिंकताना, खोकताना किंवा बादली उचलताना मोडलं तर? तिथे धक्का केवळ निमित्त. हाड आतून आधीच आजारानं पोखरलेलं असतं. याला म्हणतात ‘पॅथॉलॉजिकल फ्रॅक्चर’. त्याच्या या अजब गोष्टी!

मोडलं, पण कळलंच नाही
ऑस्टिओपोरोसिसमध्ये, म्हणजे हाडं विरळ होण्याच्या आजारात, पाठीचे मणके दबून मोडतात आणि बहुतेकांना पत्ताही लागत नाही. उंची घटते, पाठीला बाक येतो. घरचे म्हणतात, ‘वय झालं!’

उचललं आणि मांड्या मोडल्या
लंडनमधली 1844 ची नोंद. सारा न्यूबरी या आजारी बाईंना नवऱ्यानं पलंगावर न्यायला उचललं आणि त्यांच्या मांडीची हाडं मोडली. कारण होतं अस्थिमज्जेचा कर्करोग, म्हणजेच मल्टिपल मायलोमा. या रोगाच्या सर्वांत जुन्या नोंदींपैकी ही एक.

दोषी निघाली मानेतली ग्रंथी
व्हिएन्नातल्या एका ट्राम कंडक्टरची हाडं ठिसूळ होऊन मांडी मोडली. पॅराथायरॉइड ग्रंथी कमी पडत असतील, असं समजून सर्जन फेलिक्स मांडल यांनी दुसऱ्याच्या ग्रंथी बसवून पाहिल्या. गुण शून्य! मग 1925 मध्ये मान उघडली, तर तिथे त्याच ग्रंथीची गाठ. ती हाडांतलं कॅल्शियम ओढून घेत होती. गाठ काढली आणि रुग्ण काठी टेकत चालू लागला.

दाट, तरीही ठिसूळ
हाड जितकं घट्ट तितकं मजबूत? मुळीच नाही! 1904 मध्ये हॅम्बुर्गचे अल्बर्स-शोनबर्ग यांनी ‘संगमरवरी हाडां’चा आजार नोंदवला. यात जुनं हाड झिजवून काढणाऱ्या पेशी काम करत नाहीत. एक्स-रेमध्ये हाड पांढरंशुभ्र दिसतं, पण सहज मोडतं.

मोडण्याआधीच सळई
कर्करोग हाडात पसरला, तर ते मोडण्याचा धोका आधीच जोखता येतो. 1989 पासून डॉक्टर ‘मिरेल्स स्कोअर’ वापरतात: जागा, वेदना, गाठीचा आकार आणि प्रकार, एकूण 12 गुण. गुण 9 किंवा जास्त भरले, तर हाड शाबूत असतानाच आत सळई बसवतात.

म्हणून किरकोळ धक्क्यानं हाड मोडलं, तर प्लास्टर घालून गप्प बसू नका. ‘हे मोडलंच का?’ असं डॉक्टरांना विचारा. हाडांची घनता आणि रक्तातलं कॅल्शियम तपासून घ्या. पुढचं हाड वाचेल, कदाचित जीवही!