औषध मारूनही मावा वाढतो कसा? – एका जमाखर्चाची गोष्ट



पावसाळा सरत आला की गट ऑफिसात एक वाक्य हमखास कानावर पडते. "साहेब, पानं पांढरी पडाय लागल्यात. कुठलं औषध मारू?" कीड दिसली की औषध, हे आपल्या अंगवळणी पडले आहे. मीही याच सवयीत वाढलो. पण पंप पाठीला लावण्याआधी एक हिशोब मांडून बघावा, अशी माझी विनंती आहे. हा हिशोब शंभर वर्षांपूर्वी इटलीतील एका गणिताच्या प्राध्यापकांनी मांडला. त्यांनी ऊस पाहिला होता की नाही कोण जाणे, पण आपल्या फडात काय घडते ते त्या हिशोबाने नेमके कळते.

माझी चूक

सन २००२ च्या जुलै महिन्यात सांगली जिल्ह्यात उसावर लोकरी मावा आढळला आणि बघता बघता पश्चिम महाराष्ट्रात व कर्नाटकात पसरला. जुन्या सभासदांना ते दिवस आठवत असतील. पानाच्या मागे कापूस पिंजून लावल्यासारखे पांढरे थर, खालच्या पानांवर चिकटा आणि त्या चिकट्यावर काळी बुरशी. मी कृषी पदविका घेऊन नुकताच नोकरीला लागलो होतो. दिसेल त्या प्लॉटला फवारणी सांगायची, एवढेच मला ठाऊक.

पुढच्या वर्षी बांधाला बांध लागून असलेले दोन खोडवे माझ्याकडे होते. एका सभासदांनी माझ्या सांगण्यावरून दोनदा औषध मारले. शेजारच्या अण्णांकडे पैशाची ओढाताण होती, म्हणून त्यांचे राहून गेले. फवारलेल्या प्लॉटात मावा आधी कमी झाला आणि महिन्याभरात पुन्हा उसळला. अण्णांच्या उसात मात्र पांढऱ्या थरात हिरवट-करड्या अळ्या जाळी करून बसलेल्या दिसल्या, आणि थोड्या दिवसांत पाने मोकळी झाली. ती अळी डिफा नावाच्या पतंगाची. मावा हेच तिचे खाद्य. औषधवाले सभासद मला म्हणाले, "साहेब, पैसं माझं गेलं आन् ऊस त्यांचा सुधारला. ह्यो कुठला न्याय?" मला उत्तर देता आले नाही. दोन प्लॉटांवरून सिद्धांत होत नाही हे खरे, पण असे का व्हावे याचे कारण हवे होते. ते मला पुढे वाचनात सापडले.

बाजारातले मासे

पहिल्या महायुद्धात, म्हणजे १९१४ ते १९१८ या काळात, इटलीजवळच्या एड्रियाटिक समुद्रात मासेमारी फार कमी झाली. उंबर्टो डँकोना हे प्राणिशास्त्रज्ञ त्या काळातील बंदरांच्या बाजारांचे आकडे तपासत होते. फ्यूमे बंदरात एकूण मासळीत शार्कसारख्या शिकारी माशांचा वाटा १९१४ साली शेकडा ११.९ होता. तो १९१८ साली ३६.४ झाला. युद्ध संपून मासेमारी पूर्ववत झाल्यावर १९२३ साली तो पुन्हा १०.७ वर आला.

मासेमारी थांबली तर सगळेच मासे वाढावेत. मग शिकाऱ्यांचाच वाटा एवढा का वाढला? हा प्रश्न डँकोनांनी आपले सासरे, रोमचे गणिती व्हिटो व्होल्टेरा यांच्यापुढे ठेवला. व्होल्टेरांनी १९२६ साली त्याचे उत्तर समीकरणांत दिले. अमेरिकेत आल्फ्रेड लोटका यांनी १९२५ सालीच तशीच समीकरणे स्वतंत्रपणे मांडली होती. म्हणून दोघांचेही नाव त्यांना आहे.

जमाखर्च मांडू

समीकरणांची भीती नको. सोसायटीच्या खातेवहीसारखाच हा प्रकार आहे. जन्म म्हणजे जमा, मरण म्हणजे खर्च. खालील आकडे समजण्यापुरते घेतले आहेत, प्लॉटवर मोजलेले नाहीत.

समजा, दर आठवड्याला १०० मित्रकीटकांपैकी १० मरतात. त्यांची संख्या टिकायची तर १० नवे जन्मले पाहिजेत. पैदास खाण्यावर अवलंबून असते. समजा, पानामागे ५० मावा असला तर १०० मित्रांमागे १० नवे होतात आणि १०० मावा असला तर २०. म्हणजे पानामागे ५० माव्यावर मित्रांचा जमाखर्च जुळतो.

आता माव्याची बाजू. समजा, कोणी खाणारे नसेल तर १०० मावा आठवड्यात ४० ने वाढतो. बेटातला एक मित्र दर शंभरातले २ फस्त करतो. वाढ रोखायला ४० फस्त व्हायला हवेत, म्हणजे २० मित्र लागतात. तेव्हा समतोल झाला तो असा: मावा ५०, मित्र २०.

आता आपण औषध सुरू केले. ते दोघांतलेही शेकडा १० दर आठवड्याला मारते, असे धरू. मित्रांचा खर्च १० वरून २० झाला. तो भरून निघायला २० जन्म हवेत, आणि त्यासाठी पानामागे १०० मावा लागतो! तिकडे माव्याच्या ४० च्या वाढीतले १० औषधानेच मारले, उरलेल्या ३० साठी १५ मित्र पुरतात. नवा समतोल: मावा १००, मित्र १५. पैसे आपण घातले, पण मावा दुप्पट झाला आणि मित्र घटले.

यातली मेख नीट लक्षात घ्या. मावा किती राहणार हे त्याच्या पैदाशीवर ठरत नाही, मित्रकीटक किती मरतात यावर ठरते. समुद्रातही हेच घडले. जाळे दोघांनाही पकडते. जाळे थांबले तसे शिकारी वाढले.

फवारणीच्या दुसऱ्या दिवशी मावा कमी दिसतो, तेही खोटे नाही. त्या दिवशी दोघेही कमी झालेले असतात. पण माव्याची मादी नराशिवाय थेट पिल्ले देते, त्यामुळे तो आधी सावरतो. मित्र सावरतात ते खाद्य वाढल्यावर, मागाहून.

फळबागेतला दाखला

हे नुसते कागदावरचे नाही. अमेरिकेतील कॅलिफोर्नियात लिंबूवर्गीय बागांवर ऑस्ट्रेलियातून आलेली कापसासारखी पांढरी खवलेकीड पडली होती. १८८८ साली आल्बर्ट कोबेले यांना ऑस्ट्रेलियात पाठवून तिला खाणारा व्हेडालिया नावाचा लहान भुंगेरा आणवला. एक-दोन वर्षांतच कीड आटोक्यात आली. पुढे १९४० नंतरच्या काळात बागांत डीडीटी वापरू लागले, भुंगेरे मेले आणि दबलेली खवलेकीड पुन्हा उसळली.

गणिताची मर्यादा

हा हिशोब म्हणजे ब्रह्मवाक्य नव्हे. त्यात पाऊस नाही, थंडी नाही, युरियाची जादा मात्रा नाही. मित्रकीटक एकच कीड खातात असे त्यात धरले आहे. औषध फारच कडक असेल तर दोघेही संपतील, हेही त्याच गणितातून निघते. पण मग शेजारच्या फडातून मावा परत आला, तर त्याला खाणारे कोणी उरत नाही.

म्हणून पुढच्या शास्त्रज्ञांनी या हिशोबात तापमान, पाऊस, किडीचे वय अशा बाबी घातल्या. एवढा रोजकीर्द हाताने लिहिणे जिकिरीचे, ते काम आता संगणक करतो. ऑस्ट्रेलियात आणि दक्षिण आफ्रिकेत उसाच्या वाढीचीही अशी संगणकीय मॉडेल तयार झाली आहेत. त्यांत रोजचे ऊन, पाणी आणि तापमान घालून उत्पादनाचा अंदाज काढतात. जीव कसा वाढतो हे समजून घ्यायला आता सूक्ष्मदर्शकाइतकेच गणितही लागते.

आपण काय करावे

१) मावा दिसला की प्लॉटात पाच ठिकाणी थांबा. प्रत्येक ठिकाणी पाच उसांची पाने उलटून बघा. मावा किती पानांवर आणि अळ्या किती पानांवर, हे वहीत लिहा.

२) आठ दिवसांनी त्याच ठिकाणी पुन्हा मोजा. एका मोजणीवरून काही कळत नाही, चढ की उतार हे दोन मोजण्यांवरूनच कळते.

३) अळ्या वाढत असतील तर हात आवरा. मावा आधी चढतो, मित्र मागून येतात. मधल्या काही दिवसांत जीव घाबरतो, आणि नेमका तेव्हाच आपण पंप काढतो.

४) मावा वाढतो आहे आणि मित्र एकही दिसत नाही, असे असेल तर गट ऑफिसला कळवा. दुसऱ्या प्लॉटातून अळ्या असलेली पाने आणून बांधता येतात. मात्र ती पाने मावा पडलेल्याच उसात बांधावीत. त्यांच्याबरोबर मावाही येतो, म्हणून स्वच्छ प्लॉटात नेऊ नयेत.

५) फवारणी करावीच लागली तर सरसकट करू नका, जास्त लागलेला पट्टाच घ्या. बाकीच्या उसात मित्र जगले पाहिजेत.

त्या सभासदांच्या प्रश्नाचे उत्तर द्यायला मला फार उशीर झाला. त्यांचे औषधाचे पैसे काही मी परत देऊ शकत नाही. पण यंदा कोणाचे तसे पैसे जाऊ नयेत, एवढ्यासाठी हा लेख लिहिला. वही-पेन्सिल घेऊन फडात उतरा, मोजा, आणि शंका आली तर निरोप द्या. पाने उलटायला मी स्वतः येईन.

आपला,
ऊस विकास अधिकारी