रजतपटावरून मठात : मदर डोलोरेस हार्ट

एखादी नामवंत नटी सर्वसंगपरित्याग करून मठात गेली की तिची कथा सांगणारे बहुधा एकच साचा हाती घेतात : मायानगरीचा वीट आला, पश्चात्ताप झाला आणि अखेर देव आठवला. अमेरिकन अभिनेत्री डोलोरेस हार्ट यांची कथाही भाविक मंडळी पुष्कळदा अशीच रंगवून सांगतात. परंतु या बाईंना अभिनयाचा वीट आला नव्हता. ज्या तरुणाशी विवाह ठरला होता, त्याच्यावरील प्रेमही आटले नव्हते. प्रिय वाचकांनी एवढे ध्यानी ठेवून पुढील हकीकत वाचावी.

डोलोरेस हिक्स हे त्यांचे मूळचे नाव. जन्म शिकागो येथे, २० ऑक्टोबर १९३८ रोजी. आईबापांचा विवाह अगदी कोवळ्या वयात झालेला. पिता चित्रपटांतून लहानसहान कामे करीत. तो संसार टिकला नाही आणि मुलीचे बालपण बरेचसे आजीआजोबांच्या घरी गेले. आजोबा चित्रपटगृहात प्रक्षेपणयंत्र चालवीत. यंत्राच्या खोलीत त्यांचा डोळा लागे. त्यांची झोपमोड होऊ नये म्हणून नात चित्रपट आवाजाविना पाहत बसे आणि रीळ संपत आले की त्यांना जागे करी. नुसत्या चेहऱ्यावरून मनातले ओळखण्याचे याहून चांगले शिक्षण एखाद्या नाट्यशाळेत तरी मिळाले असते काय? घरची मंडळी कॅथलिक नव्हती. तथापि कॅथलिक शाळेत शिकत असता वयाच्या दहाव्या वर्षी या मुलीने स्वतः होऊन कॅथलिक श्रद्धेचा स्वीकार केला.

१९५७ साली ‘लव्हिंग यू’ या चित्रपटात, विख्यात गायक एल्व्हिस प्रेस्ली यांच्यासमवेत, त्या प्रथम झळकल्या. तेव्हा त्यांचे वय अवघे अठरा. पुढील वर्षी त्याच जोडीचा ‘किंग क्रिओल’ आला. आल्फ्रेड हिचकॉक यांच्या दूरचित्रवाणी मालिकेतही त्यांनी काम केले. न्यूयॉर्कच्या रंगभूमीवरील ‘द प्लेझर ऑफ हिज कंपनी’ या नाटकातील भूमिकेसाठी टोनी पारितोषिकाच्या नामांकनापर्यंत त्या पोहोचल्या. सहा-सात वर्षांत दहा चित्रपट, ही कमाई थोडी नव्हे.

या नाटकाचे प्रयोग करून त्या थकून गेल्या. तेव्हा विश्रांतीसाठी कनेटिकट राज्यातील बेथलेहेम गावच्या ‘रेजिना लाउडिस’ मठात चार दिवस राहून ये, असे एका स्नेह्यांनी सुचविले. हा मठ संत बेनेडिक्ट यांच्या नियमावलीनुसार चालणाऱ्या, एकांतवासी धर्मभगिनींचा. संस्थापिका मदर बेनेडिक्ट डस या जन्माने अमेरिकन, शिक्षणाने डॉक्टर आणि फ्रान्समधील जुआर मठाच्या सभासद. १९४४ साली अमेरिकन सैन्याने तो मुलूख मुक्त केला. त्या उपकाराची फेड म्हणून त्यांनी १९४७ साली अमेरिकेत हा मठ उभारला. मौजेची गोष्ट अशी की, या मठस्थापनेवरून सुचलेला ‘कम टू द स्टेबल’ हा चित्रपट १९४९ सालीच निघाला होता आणि त्यात लोरेटा यंग यांनी धर्मभगिनीची भूमिका केली होती.

डोलोरेस पुन्हा पुन्हा त्या मठात जाऊ लागल्या. आपणास पाचारण तर नसेल, अशी शंका त्यांनी बोलून दाखविली, तेव्हा मदर बेनेडिक्ट यांनी त्यांना परत कामावर धाडले. हे आम्हांस फार योग्य वाटते. घरच्या जाचाला किंवा कामाच्या शिणाला कंटाळून मठाचे दार ठोठावणाऱ्या मुलीस सुज्ञ मठमाता घाईने आत घेत नाही.

१९६१ साली ‘फ्रान्सिस ऑफ असिसी’ प्रदर्शित झाला. त्यात संत क्लारा यांची भूमिका डोलोरेस यांची. (याच क्लारांना पोप बारावे पायस यांनी १९५८ साली दूरचित्रवाणीच्या आश्रयदात्या संत म्हणून घोषित केले होते. आजारपणामुळे त्यांना नाताळच्या मिस्साला जाता आले नाही, तेव्हा त्यांना तो विधी आपल्या खोलीतूनच दिसला, अशी परंपरागत कथा आहे.) चित्रीकरणाच्या वेळी रोममध्ये पोप तेविसावे जॉन यांची भेट झाली. मी क्लाराची भूमिका करणारी नटी, असे डोलोरेस यांनी सांगितले. त्यावर, तू क्लाराच आहेस, अशा अर्थाचे उद्गार पोपमहोदयांनी काढले. ही आठवण त्यांनी स्वतःच सांगितली आहे.

आता विवाहाविषयी. लॉस एंजेलिस येथील डॉन रॉबिन्सन यांच्याशी त्यांची सोयरीक झाली होती. तरुण सालस, श्रद्धावान. त्याच्यात दोष काढावा असे काहीच नव्हते आणि म्हणूनच नकार देणे कठीण. तरी तो दिला गेला. १९६३ च्या एप्रिलमध्ये ‘द व्हर्जिनियन’ या दूरचित्रवाणी मालिकेत एका मिशनरी स्त्रीच्या भूमिकेत प्रेक्षकांनी त्यांना पाहिले. १३ जून रोजी, वयाच्या चोविसाव्या वर्षी, त्या मठात दाखल झाल्या.

पुढील वाट सुखाची होती असे कोणी समजू नये. पहिली रात्र रडण्यात गेली. दिवसातून सात वेळा आणि रात्री एकदा उठून लॅटिन स्तोत्रगायन, शेतीभाती, गाईगुरे आणि भेटीस आलेल्यांशी जाळीआडून बोलणे. अखेरची व्रते घेण्यास १९७० साल उजाडले. अभिनय मात्र मठाच्या दाराशी टाकून द्यावा लागला नाही. अभिनेत्री पॅट्रिशिया नील यांच्या साहाय्याने मठाच्या आवारात खुले नाट्यगृह उभे राहिले, आणि ऑस्कर पारितोषिके देणाऱ्या अकादमीच्या मतदार सभासद म्हणून त्या नवे चित्रपट पाहत राहिल्या. १९९७ साली मज्जातंतूंच्या वेदनादायी विकाराने त्यांना गाठले. तरी २००१ पासून २०१५ पर्यंत मठाच्या प्रायोरेसपदाची धुरा त्यांनी वाहिली.

आणि डॉन रॉबिन्सन? त्यांनी विवाह केला नाही. दरवर्षी ते मठात येत. डोलोरेस यांच्या निवडीची अर्धी किंमत या गृहस्थांनी चुकती केली, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होऊ नये. चरित्रे लिहिणारे त्यांना दोन ओळींत आटोपतात, हे आम्हांस रुचत नाही. २०११ च्या नोव्हेंबरात त्यांचे निधन झाले. त्याच सुमारास मदर डोलोरेस यांच्या जीवनावर ‘गॉड इज द बिगर एल्व्हिस’ हा माहितीपट तयार झाला होता आणि त्यात उभयतांची भेट चित्रित झालेली आहे. त्या माहितीपटास ऑस्करचे नामांकन मिळाले. २०१२ च्या फेब्रुवारीत त्या समारंभाच्या लाल गालिच्यावरून, भरजरी वस्त्रांच्या गर्दीतून, मठाचा काळा झगा ल्यालेल्या मदर डोलोरेस चालत गेल्या.