कारवीचे पंचांग

वनस्पतींचा समाज रंगवायचा झाला की लेखक आधी झाडांना मन देऊन टाकतात. टोल्किनचे वृक्षासारखे एन्ट सभा भरवतात, दिवसेंदिवस चर्चा करतात आणि चिडले की दगडी तट फोडतात. अर्सुला ल गुईनच्या १९७१ मधल्या एका कथेत तर सगळ्या ग्रहावरच्या वनस्पती मिळून एकच जाणीव होते आणि माणूस उतरला की ती जाणीव भेदरते. कल्पना सुंदर आहेत, पण मनाची ही भर अनावश्यक वाटते. सह्याद्रीच्या उतारांवर मनाशिवाय, सभेशिवाय आणि पुढाऱ्याशिवाय एक समाज काळाचा हिशेब नेमका ठेवत आला आहे. त्याला समाजच नव्हे, संस्था म्हणावे अशी त्याची शिस्त आहे. कारवी हे त्याचे नाव. नीस या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात तिला ‘स्ट्रोबिलँथस कॅलोसा’ म्हटले. १९४४ मध्ये ब्रेमेकॅम्पने तिच्यासाठी वेगळी प्रजाती मांडली आणि तिचे नाव ठेवले ‘कार्व्हिया’. डोंगरातल्या माणसाचा शब्द असा थेट लॅटिनच्या दप्तरात जाऊन बसला.

एरवी कारवी नजरेत भरत नाही. माणसाहून उंच, दाट, खरखरीत पानांची झुडपे. पाऊस संपला की पाने झडून उरलेल्या काठ्या. या काठ्यांचे कुड विणून, वर शेणामाती लिंपून कितीतरी घरे उभी राहिली. फुलण्याच्या वर्षी मात्र श्रावण-भाद्रपदात डोंगरच्या डोंगर जांभळा होतो, मधमाश्या तुटून पडतात आणि पुढे दाट, गडद रंगाचा कारवीचा मध उतरतो. मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात हा बहर २००८, २०१६ आणि २०२४ साली आला. लोक मात्र म्हणतात, ‘कारवी सात वर्षांनी फुलते.’ वजाबाकी केली तर आठ येतात. मग लोकांचे गणित चुकले का? चुकलेले नाही. २०२४ च्या फुलांची बोंडे झाली तरी बी लगेच जमिनीवर पडले नाही. झुडूप मेले, वाळले, आणि बोंडे त्या वाळक्या काठ्यांवरच पुढच्या पावसाची वाट बघत राहिली. २०२५ च्या पावसात जे रोप उगवले, ते २०३२ च्या श्रावणात फुलेल तेव्हा सात वर्षांचे असेल आणि त्याचा तो आठवा पावसाळा असेल. झाडाचे वय मोजले तर सात, बहरांमधले अंतर मोजले तर आठ. मधले जे वर्ष बोंडात गेले, ते कोणाच्याच वयात धरले जात नाही.

यावर पहिला आक्षेप सरळ आहे. याला समाज का म्हणायचे? प्रत्येक बी आपापले वय मोजते, सगळ्या बिया एकाच पावसात रुजल्या, म्हणून एकाच वर्षी फुलल्या. सुट्ट्या घड्याळांचा हा ढीग आहे. आक्षेप अर्धा खरा आहे. पण सुट्टी घड्याळे काही काळाने मागेपुढे होतात. इथे ती फारशी होत नाहीत, कारण मागेपुढे होणाऱ्याला दंड बसतो. एखादे झुडूप वर्षभर आधी फुलले तर आजूबाजूला परागाची देवघेव करायला जोडीदार कमी, आणि धरलेले थोडके बी किडे-उंदरांच्या तोंडी जाण्याची शक्यता मोठी. सगळ्यांनी एकदम बी धरले तर खाणाऱ्यांची पोटे भरूनही भरपूर उरते. बांबूबाबत हा युक्तिवाद डॅनियल जॅन्झेनने १९७६ मध्ये विस्ताराने मांडला. शिस्त टिकते ती कोणाच्या आज्ञेने नव्हे, बेशिस्तीच्या किमतीने. माणसांच्या कित्येक संस्थांचेही तसेच असते; घटना छापलेली असते एवढाच फरक.

हा समाज डोंगर सांभाळतो असे म्हटले, तर दुसरा आक्षेप ‘सांभाळणे’ या शब्दावर येतो, आणि तो जास्त बोचरा आहे. कारवीच्या दाट रानात खाली ऊन पोहोचत नाही, इतर रोपे दबतात. मिझोरममध्ये ‘मौतक’ बांबूही असाच एकदम, सुमारे ४८ वर्षांनी फुलतो. १९५९ च्या बहरानंतर उंदीर माजले, त्यांनी शेते फस्त केली, दुष्काळ पडला, आणि त्या दुष्काळाच्या निवारणासाठी निघालेल्या संघटनेतूनच पुढे मिझो नॅशनल फ्रंट उभा राहिला. अशा सामूहिक बहराला निसर्गाचा सांभाळ कसे म्हणायचे? माझ्या मते सांभाळ म्हणजे सगळ्यांशी गोड वागणे नव्हे. कारवीची मुळे चढावरची माती धरून ठेवतात, तिची फुले माश्यांना पोसतात, आणि ती एकदम मेली की वर्षानुवर्षे अंधारात असलेल्या जमिनीवर ऊन पडते. यात दया नाही, पण फेर आहे.

खरी कमजोरी निराळीच आहे. या समाजात वडीलधारे नाहीत. एका उतारावरची बहुतेक झुडपे एकाच वयाची. चुकून वेगळ्या वर्षी फुलणारी काही असतात, पण थोडी. मुन्नारच्या डोंगरांवरची नीलकुरिंजीची झुडपेही १२ वर्षांनी, २००६ आणि २०१८ साली, अशीच गटाने फुलली. दर डोंगराचे पंचांग वेगळे असल्यामुळे एक बहर बुडाला तरी जात बुडत नाही, पण तो डोंगर मात्र रिकामा होऊ शकतो. आपण पहारा ठेवतो तो बहराच्या वर्षी: गाड्या अडवायच्या, फुले तोडू द्यायची नाहीत. धोका मात्र त्यानंतरच्या उन्हाळ्यात असतो. तेव्हा बघायला कोणी येत नाही, डोंगरभर वाळक्या काड्या उभ्या असतात आणि जळणाला त्या आयत्याच मिळतात. पुढच्या पिढीचे बी त्यांच्याच टोकांना लटकलेले असते. फेब्रुवारी ते मे हे वणव्याचे दिवस. एक काडी पेटली तर आठ वर्षांची ठेव दुपारभरात राख. वणवा चुकला तर जूनमध्ये पहिली सर येते, ओल लागून बोंडे तडकतात, आणि मेलेल्या रानातून टक्‌, टक्‌ असे आवाज उठू लागतात.