माडांच्या सावलीतले युरोपीय नगर : चौल-रेवदंड्याची सायकलफेरी

दिवाळीच्या किंवा उन्हाळ्याच्या सुट्टीत युरोपची सफर करणे व्यापारी कुटुंबांना आता अपूर्वाईचे राहिलेले नाही. या सफरींत अलीकडे एका गोष्टीची भर पडली आहे, ती म्हणजे सायकलवरून शहर पाहण्याची. सकाळी आठ-दहा जणांचा गट जमतो. पुढे माहीतगार वाटाड्या असतो आणि कोणी मागे राहू नये म्हणून शेवटी त्याचा सहायक. दर दीड-दोन किलोमीटरवर थांबून एखादा चौक, चर्च किंवा जुनी पेढी दाखवली जाते. मोटारीतून शहर निसटून जाते आणि पायी फिरल्यास थोडेच पाहून होते. सायकलचा वेग या दोहोंच्या मधला आहे. लिस्बनसारखे चढउतारांचे शहरही तेजो नदीच्या काठाने, बेलेंच्या बुरुजापर्यंत, सायकलवरून सुखाने पाहता येते.

बेलेंचा हा बुरूज सोळाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात उभा राहिला. ज्या राज्याने तो उभारला, त्याच राज्याने त्यानंतर थोड्याच वर्षांत कुंडलिका नदीच्या मुखाशी एक तटबंद नगर वसवले. ते नगर म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातील रेवदंडा. अलिबागपासून ते सुमारे सतरा किलोमीटरवर आहे. मुंबईहून आलेली अनेक कुटुंबे तटाच्या भगदाडासारख्या दरवाजातून मोटार नेतात, पुळणीवर घटकाभर बसतात आणि परततात. आपण एका युरोपीय शहराच्या हमरस्त्यावरून गेलो, हे त्यांतील फारच थोड्यांच्या ध्यानात येते.

या नगराची ओळख करून घेण्यास सायकलीइतके योग्य वाहन नाही. अलिबाग ते रेवदंडा हा रस्ता बहुतांशी सपाट आहे आणि दोन्ही बाजूंना माड-पोफळींच्या वाड्या आहेत. भाऊच्या धक्क्याहून मांडव्याला येणारी रो-रो नौका २०२० साली सुरू झाल्याने मुंबईकरांना हा किनारा आणखी जवळचा झाला. पहाटे अलिबागेतून निघालेला गट ऊन चढण्यापूर्वी चौलात पोहोचतो.

वाटेत पहिला थांबा आक्षीचा. या छोट्या गावातील शिलालेखाच्या माथ्यावर चंद्र-सूर्य कोरलेले आहेत. त्याचा काळ शके ९३४, म्हणजे इ. स. १०१२, असा वाचला गेला असून, तो वाचन-निर्णय मान्य करणारे अभ्यासक त्याला मराठीतील सर्वांत जुन्या ज्ञात शिलालेखांत अग्रस्थान देतात. युरोपीय नगराकडे जाणाऱ्या वाटेवर मराठीचे हे जुने अक्षर आधी भेटावे, हे उचितच आहे. या किनाऱ्याचा इतिहास पोर्तुगीज गलबतांबरोबर सुरू झालेला नाही, याची ती आठवण आहे.

नागाव ओलांडले की चौल लागते. कान्हेरीच्या लेण्यांतील शिलालेखांत चेमुल या गावच्या दात्यांचे उल्लेख आहेत. ते चेमुल म्हणजेच हे चौल. ग्रीक-रोमन लेखकांनी त्याला सिमुल्ल म्हटले, अरबांनी सैमूर. दहाव्या शतकाच्या आरंभी अल् मसूदी हा अरब प्रवासी येथे आला, तेव्हा कोकणात शिलाहारांचे राज्य होते. १४६९ च्या सुमारास अफानासी निकितीन हा रशियन व्यापारी चौलच्या बंदरात उतरला. विकण्यासाठी आणलेला एक घोडा घेऊन तो घाट चढून जुन्नरला गेला. वास्को द गामा भारतात येण्याच्या जवळजवळ तीस वर्षे आधीची ही गोष्ट. रेवदंड्यात निकितीनचे स्मारक आहे आणि प्रत्येक सायकलफेरीने तेथे थांबायला हवे. एका घोड्याच्या भांडवलावर तीन समुद्र ओलांडणारा तो माणूस व्यापारी वाचकाला परका वाटणार नाही.

चौलात ३६० देवळे आणि ३६० तळी होती, असे परंपरा सांगते. संख्येचा आग्रह धरण्याचे कारण नाही. रामेश्वराचे देऊळ, त्यासमोरची पुष्करणी आणि पाखाड्यांतून वळणे घेत जाणाऱ्या चिंचोळ्या वाटा पाहिल्या, की त्या परंपरेमागचे वैभव उमगते. देशावरचे कापड आणि धान्य घाट उतरून येथे येई, तर अरबस्तानातून घोडे येत. चौलचे रेशमी कापड दूरवर नावाजलेले होते. गलबते ज्येष्ठात नांगरली जात आणि नारळी पौर्णिमेनंतर पुन्हा समुद्रावर जात. पाऊस हाच त्या काळचा सर्वांत मोठा हिशेबनीस होता.

या संपन्न बंदरावर पोर्तुगीजांची नजर पडणे क्रमप्राप्तच होते. १५०८ च्या मार्चमध्ये चौलच्या खाडीत इजिप्तचा अमीर हुसेन आणि गुजरातचा मलिक अयाझ यांच्या आरमारांनी पोर्तुगीजांचा पराभव केला. पोर्तुगीज व्हाइसरॉय आल्मेदा याचा मुलगा लोरेन्सु या लढाईत मारला गेला. पुढच्याच वर्षी दीवच्या लढाईत व्हाइसरॉयने त्याचा सूड घेतला आणि अरबी समुद्रावरचे पारडे फिरले. १५२१ मध्ये अहमदनगरच्या निजामशाहाच्या संमतीने रेवदंड्यास पोर्तुगीज कोटाचे काम सुरू झाले आणि १५२४ च्या सुमारास ते पुरे झाले. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात वास्को द गामा व्हाइसरॉय म्हणून तिसऱ्यांदा भारतात आला, तो प्रथम चौललाच.

अशा रीतीने एका खाडीवर दोन शहरे नांदू लागली. आतले चौल निजामशाहीचे, तर समुद्राकाठचे रेवदंडा पोर्तुगीजांचे. १५८३ मध्ये येथून गेलेल्या राल्फ फिच या इंग्रज व्यापाऱ्यानेही ही दोन शहरे वेगवेगळी नोंदली आहेत. सायकलस्वार चौलहून रेवदंड्यात शिरतो, तेव्हा नकळत त्या काळची सरहद्दच ओलांडतो.

कोटाच्या आत रस्ता सोडून वाड्यांच्या पायवाटेला लागले की नगर उलगडू लागते. माडांच्या झावळ्यांतून एकाएकी उंच मनोरा दिसतो. गावकरी त्याला सातखणी म्हणतात. सांता बार्बारा या फ्रान्सिस्कन चर्चचा तो घंटामनोरा. त्याचे वरचे मजले कालौघात ढासळले, तरी उरलेला भागही आसपासच्या माडांहून उंच आहे. जवळपास इतर धर्मसंघांच्या चर्चचे अवशेष आहेत. कुठे कमान उभी आहे, तर कुठे छत नसलेल्या दालनात सुपारी वाळत घातलेली आहे. दरवाजांवर पोर्तुगीज राजचिन्हे कोरलेली दिसतात. रोममधील भग्नावशेषांना कुंपण असते आणि तिकीट असते. येथे लोक अवशेषांतच राहतात, रहाटाच्या पाण्यावर वाडी शिंपतात आणि चारशे वर्षांच्या भिंतीला टेकून ओटीवर बसतात.

याच गावात बेने इस्रायल समाजाचे बेथ एल हे सिनेगॉग आहे. हा समाज या किनाऱ्यावर तेलाचे घाणे चालवी आणि शनिवारी काम बंद ठेवी, म्हणून त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. आपल्या धर्माचा दिवस पाळून धंदा करता येतो आणि शेजाऱ्याला त्याची अडचण वाटत नाही, हे या गावाने दीर्घकाळ अनुभवले आहे.

एवढे नगर मग मेले कसे? हा प्रश्न व्यापारी घराण्यांनी विचारण्याजोगा आहे, कारण त्याचे उत्तर केवळ तोफांत नाही. १५७०-७१ मध्ये मुर्तझा निजामशाहाने घातलेला प्रदीर्घ वेढा या नगराने सोसला. १५९४ मध्ये तर खाडीपलीकडचा कोर्लईचा डोंगरी कोटही पोर्तुगीजांनी निजामशाहीकडून जिंकला. शस्त्रबळ होते, परंतु व्यापाराची पद्धत सदोष होती. समुद्रात गलबत घालायचे तर पोर्तुगीजांचा ‘कार्ताझ’ नावाचा परवाना घ्यावा लागे आणि त्यांच्याच बंदरात जकात भरावी लागे. परवाना नसलेले जहाज जप्त होई. १५६० मध्ये गोव्यात इन्क्विझिशन बसले आणि पोर्तुगीज मुलखात परधर्मीयांच्या आचारांवर निर्बंध वाढत गेले. १६२२ मध्ये होर्मुझ हातचे गेले आणि इराणच्या आखाताशी असलेला दुवा कमकुवत झाला.

याच सुमारास उत्तरेला मुंबई उगवत होती. १६६१ च्या विवाह-करारान्वये पोर्तुगालने ते बेट इंग्लंडच्या राजाला दिले आणि १६६८ मध्ये ते ईस्ट इंडिया कंपनीकडे आले. गव्हर्नर जेराल्ड आँजियर याच्या कारकिर्दीत, १६७७ मध्ये, निमा पारख या दीवच्या वाणी व्यापाऱ्याने मुंबईत येऊन राहण्यासाठी अटी घातल्या. आपल्या धर्मात हस्तक्षेप होऊ नये, आपल्या आवारात परधर्मीयांनी राहू नये आणि तेथे प्राणिहत्या होऊ नये, या त्यांतील महत्त्वाच्या. कंपनीने त्या मान्य केल्या. दीवही पोर्तुगीजांचेच होते, हे येथे लक्षात घ्यावे. तट कितीही जाड असला, तरी व्यापारी आत कोंडून ठेवता येत नाही. जेथे शब्द पाळला जातो आणि देव्हारा सुरक्षित असतो, तेथे पेढी जाते. चौलचे व्यापारी आणि विणकरही हळूहळू मुंबईकडे वळले. १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली आणि १७४० च्या तहाने रेवदंडा व कोर्लई मराठ्यांकडे आले, तेव्हा त्या नगराचा प्राण बराचसा आधीच निघून गेला होता.

सायकलफेरीचा शेवटचा टप्पा खाडीच्या पुलावरून साळाव आणि तेथून कोर्लई. पोर्तुगीज सरदार-पाद्री निघून गेले, पण धर्मांतरित झालेली कष्टकरी कुटुंबे कोर्लईत राहिली आणि त्यांच्याबरोबर त्यांची भाषा राहिली. पोर्तुगीज शब्द आणि मराठी वळण यांतून घडलेल्या या बोलीला तेथील लोक ‘नौ लिंग’, म्हणजे ‘आमची भाषा’, म्हणतात. क्लॅन्सी क्लेमेंट्स या भाषाशास्त्रज्ञाने १९९६ मध्ये तिच्यावर स्वतंत्र ग्रंथ प्रसिद्ध केला. जगात ही भाषा बोलणारी माणसे साधारण हजाराच्या आत-बाहेर आहेत आणि ती बहुतेक या एका गावाशी बांधलेली आहेत. शाळा मराठी, नोकरी मुंबईत, अशा स्थितीत ती किती पिढ्या टिकेल, ही खरी चिंता आहे. तिचे नातेवाईक शब्द मात्र आपल्या घरोघरी आहेत. ज्या घरात बटाटा शिजत नाही, त्या घरातही पगार, लिलाव आणि चावी या पोर्तुगीज शब्दांवाचून दिवस जात नाही.

आज रेवदंड्यापुढे उभा असलेला धोका शत्रूचा नाही. तटात वडा-पिंपळाची मुळे शिरली आहेत, समुद्राच्या लाटा बाहेरून भिंत कुरतडत आहेत आणि अलिबाग परिसरात जमिनींचे भाव वाढल्याने वाड्या विकल्या जात आहेत. घेणाऱ्यांत मुंबई-पुण्याची व्यापारी कुटुंबेही आहेत. केंद्र-संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत बांधकामास मनाई आणि त्यापुढील २०० मीटरपर्यंत नियंत्रण, असा कायदा २०१० पासून आहे. या भागात जागा घेणाऱ्याने सातबारा पाहतो त्याच काळजीने हेही पाहावे. परंतु कायदा भिंत पाडू नये एवढेच सांगतो. ती जपावी असे वाटायला लावणे कायद्याच्या हाती नाही. ती इच्छा वाडीवाल्याला भिंतीतून चार पैसे मिळाले तर टिकते.

हिशेब साधा आहे. समजा, दहा जणांच्या गटाने माणशी ५०० रुपये दिले, तर एका सकाळी ५,००० रुपये गावात येतात. त्यांतून वाटाड्याचा मेहनताना निघतो, सायकलींचे भाडे निघते, घरगुती खाणावळीत पोहे-घावनांची न्याहारी होते आणि ज्याच्या वाडीतून सातखणीकडे जायचे, त्यालाही मानाचा वाटा देता येतो. हिवाळ्यातील चार महिने आठवड्याला दोन फेऱ्या झाल्या, तरी वर्षाकाठी तीसेक फेऱ्या, म्हणजे दीड लाख रुपये होतात. मोठ्या उद्योगाच्या मानाने ही रक्कम किरकोळ आहे, पण मुंबईची वाट धरलेल्या एखाद्या कोर्लईच्या तरुणाला निदान हंगामापुरते घरी थांबवण्यास ती उपयोगी पडू शकते. आणि तो स्वतःच्या भाषेत चार वाक्ये ऐकवणार असेल, तर ती फेरी लिस्बनमध्येही मिळणार नाही.

जाणाऱ्यांनी कार्तिक ते माघ हा काळ निवडावा. पहाटे निघाल्यास ऊन टळते, आणि सूर्यास्तापूर्वी भोजन आटोपणाऱ्या कुटुंबांनाही परतून वेळ साधता येते. पाणी बरोबर घ्यावे, लहान मुलांना रहदारीच्या रस्त्यावर मोठ्यांच्या मध्ये ठेवावे आणि वाडीत शिरण्यापूर्वी मालकाची परवानगी घ्यावी. कोर्लईच्या डोंगरावर सायकल चढत नाही. ती पायथ्याशी ठेवून वर पायी जावे. माथ्यावरून एका बाजूला खुला समुद्र दिसतो, दुसऱ्या बाजूला कुंडलिकेची खाडी, आणि पलीकडे माडांच्या गर्दीतून डोके वर काढलेला सातखणी मनोरा. त्याच्या पायाशी कधीकाळी निरनिराळ्या मुलखांच्या नाण्यांची अदलाबदल होत असे.