अनुकंपा नियुक्ती आणि सेवेतील स्थायित्व

घरातील कर्ता माणूस सेवेत असताना मृत्यू पावला म्हणजे दुःखाच्या जोडीला उदरनिर्वाहाचा प्रश्न उभा राहतो. कोल्हापूर जिल्ह्याच्या हातकणंगले तालुक्यातील कबनूर हे इचलकरंजीलगतचे, यंत्रमागाच्या परिसरातील गाव. मागावरील मजुरी धंद्याच्या तेजीमंदीप्रमाणे कमीअधिक होते. त्यामुळे अशा गावी जिल्हा परिषदेच्या शिपायाचा वा शिक्षकाचा दरमहाचा पगार हा कुटुंबाचा भक्कम आधार ठरतो. तो आधार अकाली तुटल्यावर पत्नीला किंवा मुलाला मिळणारी नोकरी कायम आहे की तात्पुरती, यावर त्या घराचे पुढील आयुष्य अवलंबून असते.

योजनेमागील तत्त्व

दिवंगत कर्मचाऱ्याच्या वारसाला नोकरी देण्याची योजना महाराष्ट्र शासनाने २३ एप्रिल १९७६ च्या निर्णयाने लागू केली. २६ ऑक्टोबर १९९४ रोजी तिचे सुधारित नियम निघाले आणि २१ सप्टेंबर २०१७ च्या निर्णयाने वेळोवेळीचे आदेश एकत्र करण्यात आले. या योजनेखाली गट ‘क’ व गट ‘ड’ मधील पदांवर नियुक्ती दिली जाते.

शासकीय सेवेत सर्वांना समान संधी मिळावी, असे राज्यघटनेचे सोळावे कलम सांगते. अनुकंपा नियुक्ती हा या तत्त्वाला केलेला मर्यादित अपवाद होय. कुटुंबावर अचानक ओढवलेल्या आर्थिक संकटातून त्याला सावरणे एवढाच तिचा हेतू असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये स्पष्ट केले. म्हणजेच ही नोकरी वारसाहक्काने मिळत नाही. परंतु नियमांनुसार ती दिली गेली, तर तिला मागील दाराने झालेला प्रवेशही म्हणता येणार नाही.

तात्पुरतेपणाची कारणे

काही वेळा तात्पुरता काळ हा नियमाचाच भाग असतो. शिक्षक पदाची अर्हता असणाऱ्या वारसाला प्रथम शिक्षणसेवक म्हणून तीन वर्षे मानधनावर काम करावे लागते. लिपिक पदावर नेमलेल्या उमेदवाराने टंकलेखनाचे प्रमाणपत्र ठरलेल्या मुदतीत मिळवावयाचे असते. अशा अटी पूर्ण झाल्या की पुढील मार्ग मोकळा होतो.

खरी अडचण उद्भवते ती मंजूर रिक्त पद नसताना वारसाला रोजंदारीवर किंवा तात्पुरत्या कामावर घेतले जाते तेव्हा. त्या वेळी कुटुंबाला तो दिलासाच वाटतो. मात्र वर्षांमागून वर्षे जातात आणि वेतनवाढ, रजा, सेवाज्येष्ठता व निवृत्तिलाभ यांपैकी काहीच पदरात पडत नाही. तातडीची मदत म्हणून दिलेली नोकरी अशा रीतीने कायमची अनिश्चितता होऊन बसते.

न्यायालयीन भूमिका

‘उमादेवी’ प्रकरण म्हणून परिचित असलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १० एप्रिल २००६ रोजी असे ठरविले की, केवळ दीर्घकाळ काम केल्यामुळे तात्पुरत्या कर्मचाऱ्याला कायम होण्याचा हक्क मिळत नाही. मात्र मंजूर रिक्त पदावर, पात्रता असूनही नेमणुकीच्या पद्धतीतील उणिवेमुळे अनियमित ठरलेल्या आणि न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना दहा वर्षे सेवा केलेल्या कर्मचाऱ्यांचा एकवेळचा विचार करावा, असेही त्यात नमूद होते. या निकालाची ढाल करून नियमित स्वरूपाचे काम वर्षानुवर्षे तात्पुरत्या माणसांकडून करून घेणे योग्य नाही, असे त्याच न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये बजावले.

कागदपत्रांचे महत्त्व

स्थायित्व आपोआप येत नाही. विहित मार्गाने नियुक्त झालेल्या आणि तीन वर्षांची नियमित सेवा केलेल्या कर्मचाऱ्यास इतर अटींची पूर्तता झाल्यावर स्थायित्व प्रमाणपत्र दिले जाते. त्यासाठी नियुक्ती आदेशात अनुकंपा तत्त्वाचा व मंजूर पदाचा स्पष्ट उल्लेख हवा, सेवापुस्तकात प्रत्येक नोंद वेळेवर व्हावयास हवी आणि परीक्षांची प्रमाणपत्रे जोडलेली असावयास हवीत. नियुक्तीची तारीखही महत्त्वाची असते. कारण १ नोव्हेंबर २००५ पासून सेवेत आलेल्यांसाठी राज्याने अंशदानावर आधारलेली निवृत्तिवेतन योजना लागू केली.

या कामी गावपातळीवरील मंडळींचे साह्य मोलाचे ठरते. मृत्यूची नोंद एकवीस दिवसांच्या आत होईल याकडे ग्रामपंचायतीने लक्ष द्यावे. योजनेची माहिती कुटुंबाला देणे हे तर कार्यालयाचे कर्तव्यच आहे. अर्ज मुदतीत भरून देण्यास शिक्षकांनी हातभार लावावा आणि पंचायत सदस्यांनी प्रतीक्षासूचीतील क्रमांकाची वेळोवेळी चौकशी करावी. नियुक्तीचा आदेश हाती पडताच तो आनंदाने घडी घालून ठेवण्यापूर्वी वारसाने त्यातील पद, वेतन आणि अटी नीट वाचून घ्याव्यात. त्या दिवशी विचारलेला एक प्रश्न पुढील अनेक वर्षांची वणवण वाचवू शकतो.