वाङ्निश्चयानंतरची शंका

अंतरपाट धरलेला असतो, करवल्या करा-दिवा घेऊन मागे उभ्या असतात आणि प्रत्येक मंगलाष्टकाच्या शेवटी भटजी ‘सावधान’ असा इशारा देतात. जांब गावच्या नारायणाने, म्हणजेच पुढच्या समर्थ रामदासांनी, बाराव्या वर्षी हा शब्द ऐकला आणि बोहल्यावरून पळ काढला, ही आख्यायिका मराठी घरांत पिढ्यान्‌पिढ्या कौतुकाने सांगितली जाते. (अंतरपाटापलीकडे उभ्या राहिलेल्या मुलीविषयी मात्र सांगणाऱ्यांना फारसे कुतूहल नसते.) परंतु आपल्याच घरातील मुलगा अथवा मुलगी लग्नाला महिना उरला असताना ‘मला जरा शंका वाटते’ असे म्हणाली, तर हे कौतुक क्षणात मावळते. पत्रिका वाटून झालेल्या असतात, कार्यालयाचा विसार दिलेला असतो, केळवणे चालू असतात. ‘आता हे कसले नवीन खूळ?’ एवढ्या एका प्रश्नात विषय संपविला जातो.

वास्तविक, अशी शंका ही काही अपवादात्मक गोष्ट नव्हे. लॉस एंजेलिस येथील २३२ नवविवाहित जोडप्यांचा चार वर्षे मागोवा घेऊन लावनर, कार्नी आणि ब्रॅडबरी या मानसशास्त्रज्ञांनी २०१२ साली आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. लग्नापूर्वी कधी मन कचरले होते काय, या साध्या प्रश्नाला सुमारे ४७ टक्के पतींनी आणि ३८ टक्के पत्नींनी होकार दिला. म्हणजे दर पाच वधूंमागे दोघींच्या मनात किंतु होता. येथवर ही माहिती धीर देणारी आहे. पुढची तशी नाही. ज्या पत्नींना शंका आली होती त्यांच्यापैकी १९ टक्क्यांचा चार वर्षांत घटस्फोट झाला. ज्यांना आली नव्हती त्यांच्यात हे प्रमाण ८ टक्के होते. पतींच्या बाबतीत फरक बराच कमी दिसला. अमेरिकेतील रीतिभातींवरून आपल्याकडचे अनुमान जसेच्या तसे काढता येणार नाही. तिकडे घटस्फोट घेणे सोपे, इकडे तो न घेता आयुष्य कंठणे रूढ. तथापि ‘सगळ्यांनाच असे वाटते, होईल नीट’ हे आपल्या मावश्यांचे आश्वासन अर्धेच खरे आहे, इतके त्यावरून निश्चित म्हणता येते. वाटते पुष्कळांना; पण सगळ्यांचे नीट होतेच असे नाही.

तेव्हा शंका कोणत्या जातीची आहे हे पाहणे, हेच पहिले काम ठरते. लग्नघरातील पुष्कळशी अस्वस्थता निव्वळ थकव्याची असते. मानपानाच्या याद्या, रुखवत, कोणाला पैठणी आणि कोणाला साधे पातळ, वऱ्हाड कोणत्या गाडीने येणार, या गोष्टींवरून रोज रात्री जे खटके उडतात त्यांचा राग भावी जोडीदारावर निघतो. दिल्ली, बडोदे किंवा इंदूर येथे वाढलेल्या मुलीला पुण्याच्या सासरची बोलीदेखील परकी वाटू लागते. दुसरी अस्वस्थता वियोगाची. आईचे घर, स्वतःची खोली, स्वतःचे वेळापत्रक सुटणार याचे दुःख होते आणि ते होणे स्वाभाविकच आहे. त्याला नकाराचे रूप देण्याचे कारण नाही. या दोन्ही प्रकारांची खूण अशी, की त्यांचा रोख दुसऱ्या व्यक्तीवर नसतो. दोन दिवस नीट झोप मिळाली, याद्यांचा विषय मोठ्यांकडे सोपविला, दोघांना एक संध्याकाळ निवांत बोलता आले, तर त्या बऱ्याच अंशी ओसरतात.

तिसऱ्या प्रकारच्या शंकेला मात्र विषय असतो. शिक्षण सांगितले एक आणि निघाले दुसरे. नोकरी चालू ठेवण्याबद्दल पाहण्याच्या वेळी होकार आणि साखरपुड्यानंतर मौन. हॉटेलातील वाढप्यावर केलेली अरेरावी. लपविलेले कर्ज वा आजार. ‘हौसेने काय द्यायचे ते द्या’ या शब्दांत लपेटलेली हुंड्याची मागणी, जी १९६१ च्या कायद्याने गुन्हा ठरली आहे. किंवा मनात मुळात दुसरेच कोणी असणे. अशी शंका झोपेने जात नाही. ती प्रत्येक भेटीनंतर त्याच जागी परत येते आणि तिचे वर्णन एका वाक्यात करता येते. जी एका वाक्यात सांगता येते, ती सांगितलीच पाहिजे.

ती सांगायची कोणाला? आपल्याकडे मुलगी आईला सांगते, आई ते मामांच्या कानावर घालते, मामा मध्यस्थांना फोन करतात आणि दुसऱ्या दिवशी सासरच्यांना एक वेगळीच हकिकत ऐकू येते. यापेक्षा ज्याच्याशी लग्न करावयाचे त्यालाच प्रथम विचारणे बरे. उत्तर काय मिळते याइतकेच ते कसे मिळते हेही पाहण्यासारखे असते. प्रश्नाने चिडणारा आणि प्रश्न ऐकून घेणारा यांतील भेद लग्नानंतर कळण्यापेक्षा आधी कळलेला स्वस्त पडतो. मात्र जेथे धमकी किंवा धाक असेल तेथे एकट्याने विचारायला जाऊ नये. विश्वासातले वडीलधारे माणूस बरोबर घ्यावे.

एकदा दिलेला शब्द परत कसा घ्यावा, या संकोचाचे मूळ वाङ्निश्चयात आहे. पण धर्मशास्त्र येथे लोक समजतात तितके कठोर नाही. कन्या एकदाच दिली जाते, असे मनुस्मृतीत आहे हे खरे. परंतु भार्यात्वाची पूर्तता सातव्या पदावर होते, हेही मनूनेच सांगितले आहे. अधिक योग्य वर आल्यास शब्दाने दिलेली कन्याही परत घेता येते, असे याज्ञवल्क्यस्मृती सांगते. मिताक्षराकाराने त्यावर पहिल्या वरात दोष असला पाहिजे आणि सप्तपदी झालेली नसली पाहिजे, अशी मर्यादा घातली. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याचे सातवे कलम त्याच वाटेने जाते: सप्तपदी हा विधीचा भाग असेल तेथे सातवे पाऊल पडताच विवाह पूर्ण व बंधनकारक होतो. ठरलेले लग्न मोडल्यास झालेल्या नुकसानीची भरपाई मागितली जाऊ शकते. पण लग्न करण्यास कोणतेही न्यायालय भाग पाडू शकत नाही. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात नोटिशीनंतर तीस दिवस थांबावे लागते. ही मुदत खरे म्हणजे आक्षेप घेणाऱ्यांसाठी ठेवलेली आहे. तिचा उपयोग वधूवरांनी स्वतःच्या मनाची तपासणी करण्यासाठी केल्यास कोणाची हरकत असणार?

सातव्या पावलानंतरचा नकार केवढा महाग पडू शकतो, हे मुंबईच्या रखमाबाईंनी दाखवून दिले. अकराव्या वर्षी, संमती देण्याचे वय नसताना, त्यांचे लग्न लावले गेले. मोठेपणी त्यांनी दादाजी भिकाजी यांच्याकडे नांदावयास जाण्याचे नाकारले. १८८४ साली दावा झाला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्हे यांनी त्यांच्या बाजूने निकाल दिला, पण १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी नांदायला जावे अन्यथा सहा महिन्यांचा तुरुंगवास भोगावा, असा हुकूम केला. त्यांनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखविली. अखेर १८८८ मध्ये दोन हजार रुपये देऊन प्रकरण मिटले आणि त्या विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या. चार वर्षांची कोर्टबाजी आणि देशभरच्या वृत्तपत्रांतली टीका, एवढी किंमत त्या नकाराची होती. तिच्यापुढे कार्यालयाच्या बुडालेल्या विसाराचा हिशेब किती लहान! आज बळजबरीने अथवा फसवणुकीने संमती घेतली असेल तर विवाह रद्द करून मागता येतो. पण त्यासाठी बळजबरी थांबल्यापासून वा फसवणूक उघडकीस आल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो.

प्रत्येक शंकेने लग्न मोडावे असे मुळीच नाही. पुष्कळदा दोन महिने पुढचा मुहूर्त धरणे पुरते, आणि पंचांगात मुहूर्तांची तशी टंचाई नसते. मोडायचेच झाले, तर दागिने आणि अहेर मोजून, यादी करून, दोन साक्षीदारांसमक्ष परत करावेत. नातेवाइकांना एकाच मजकुराचा निरोप द्यावा: ‘ठरलेले लग्न दोन्ही घरांनी विचारान्ती रद्द केले आहे; तसदीबद्दल क्षमस्व.’ कारण लिहू नये. ‘का बरे मोडले?’ असे विचारणारे निघतातच. त्यांना चहा द्यावा आणि वऱ्हाडासाठी काढलेली गाडीची तिकिटे रद्द करण्याच्या कामाला लागावे.