हिरव्या ठिपक्याआडचे दूध

गेल्या हिवाळ्यात पुण्याहून आलेल्या माझ्या भावाच्या नातीला घेऊन मी करोल बागेत गेलो होतो. अजमल खान मार्गालगतच्या एका शाकाहारी उपाहारगृहात आम्ही बसलो. ती दोन वर्षांपासून दूध, दही, तूप यांपैकी काहीच घेत नाही. डाळीला फोडणी कशाची आहे, असे तिने वाढणाऱ्या मुलाला विचारले. त्याला वाटले, ही मुलगी आपल्या मालाच्या शुद्धतेवर संशय घेते आहे. छाती किंचित पुढे काढून तो म्हणाला, ‘दीदी, एकदम शुद्ध देशी घी. डालडा नहीं.’ नातीने ताटली हळूच माझ्याकडे सरकवली. मी ती संपवली, हे कबूल केले पाहिजे.

शाकाहारी खानपानाची आधुनिक साखळी आपल्याकडे कशी वाढली, हे पाहायचे तर करोल बागेइतके योग्य ठिकाण क्वचितच सापडेल. फाळणीनंतर विस्थापित पंजाबी कुटुंबांनी ही वस्ती गजबजून टाकली. दाक्षिणात्य आणि बंगाली नोकरदार येथे राहिले. सोन्याचांदीच्या गलाईसाठी सांगली जिल्ह्यातून आलेली मराठी कुटुंबेही येथे स्थिरावली. बिकानेरच्या एका मिठाईवाल्या घराण्यातील केदारनाथ अगरवाल १९५०च्या दशकात भावासह दिल्लीत आले. प्रारंभी बादलीतून रसगुल्ले आणि कागदी पुड्यांतून भुजिया विकून त्यांनी जुन्या दिल्लीत दुकान थाटले आणि १९७२-७३च्या सुमारास करोल बागेत ‘बिकानेरवाला’ उभे केले. नोव्हेंबर २०२३मध्ये वयाच्या ८६व्या वर्षी त्यांचे निधन झाले, तेव्हा देशात या नावाची साठाहून अधिक उपाहारगृहे होती आणि अमेरिका, न्यूझीलंड, सिंगापूर, नेपाळ, संयुक्त अरब अमिराती येथेही ती पोहोचली होती.

ही वाढ एखाद्या पंथाच्या प्रचाराने झाली नाही. २०१४च्या नमुना नोंदणी सर्वेक्षणानुसार राजस्थानात सुमारे पाऊणशे टक्के प्रौढ शाकाहारी असले, तरी दिल्लीत हे प्रमाण चाळीस टक्क्यांच्या आसपासच होते. तरीही दिल्लीकरांनी हे अन्न स्वीकारले. याचे कारण असे की, सासूबाईंपासून कार्यालयातल्या सहकाऱ्यांपर्यंत कोणालाही सोबत नेले, तरी कोणाच्या पथ्याला वा सोवळ्याला धक्का लागणार नाही, ही खात्री येथे मिळत होती. रोकड मोजून पावती घ्यावी, दहा मिनिटांत गरम ताट हाती यावे आणि वातानुकूलित जागेत निवांत बसून खावे, ही सोय तिला जोडली गेली. साखळीने मुख्यतः ही खात्री विकली.

या खात्रीवर सरकारी शिक्का म्हणजे हिरवा ठिपका. २००१पासून तो आपल्या वेष्टनांवर आहे. त्यामागची व्याख्या मात्र थोडेच लोक वाचतात. प्राण्यापासून मिळालेला कोणताही घटक असलेले अन्न मांसाहारी, असे नियम सांगतो आणि लगेच दूध व दुग्धजन्य पदार्थांना त्यातून वगळतो. म्हणजे ज्याला आपण निसर्गसिद्ध वर्ग समजतो, तो प्रत्यक्षात एका अपवादावर उभा आहे. हा अपवाद आपल्या परंपरेला धरूनच आहे, त्याबद्दल तक्रार नाही. परंतु तो अपवाद आहे, हे विसरता कामा नये.

गांधीजींना तो विसरता आला नव्हता. १९१२मध्ये टॉलस्टॉय फार्मवर त्यांनी हर्मन कॅलनबाख यांच्यासह दूध सोडले. कलकत्त्यात गाईम्हशींचा शेवटचा थेंब पिळण्यासाठी जे क्रूर उपाय केले जात, त्यांची माहिती वाचून त्यांचा निश्चय पक्का झाला होता. पुढे आजारपणात, व्रत घेताना मनात गाय आणि म्हैसच होती ना, असे कस्तुरबांनी सुचवले, तेव्हा ते शेळीच्या दुधावर आले. व्रताचे अक्षर पाळले पण आत्मा गमावला, ही बोच आत्मकथेत त्यांनी लपवलेली नाही. करोल बागेतील तिब्बिया महाविद्यालयाचे उद्घाटन १९२१मध्ये त्यांनीच केले. शेळीचे दूध तेव्हा सुरूच होते. ‘व्हीगन’ हा शब्द घडायला अजून तेवीस वर्षे होती. तो १९४४मध्ये इंग्लंडात जन्मला.

आज हाच शब्द घेऊन उपाहारगृहांच्या साखळ्या उभ्या राहत आहेत. परदेशातला अनुभव सावध करणारा आहे. न्यूयॉर्कमध्ये २०१५ साली सुरू झालेली ‘बाय क्लोई’ ही बहुचर्चित साखळी २०२०च्या अखेरीस दिवाळखोरीत गेली. मांसासारखी चव देणारी महागडी नक्कल कुतूहल भागवते, पण रोजचे जेवण होणे तिला जड जाते. आपल्याकडे अशा नकलेची गरज तरी कितपत आहे? हिंदीतली मोठ म्हणजे आपली मटकी. तिचे पीठ, बेसन, मसाले आणि तेल यांतून बिकानेरी भुजिया होते. तिला २०१०मध्ये भौगोलिक मानांकनही मिळाले. पाणीपुरी, तेलातले छोले, साधी इडली, आपले पिठले-भाकरी आणि मटकीची उसळ यांत मुळात दूध नाहीच. अडचण येते ती मिठाईत, फोडणीत आणि वरून सोडलेल्या तुपात; म्हणजे नेमकी तिथे, जिथे आपण संपन्नता मिरवतो.

शासनाची अडचण याहून मोठी आहे. १९९८पासून भारत जगातील सर्वांत मोठा दूध उत्पादक आहे. २०२३-२४मध्ये उत्पादन सुमारे २३.९ कोटी टन होते आणि सुमारे आठ कोटी ग्रामीण कुटुंबे या व्यवसायावर विसंबून आहेत. त्यांच्या चुलीशी खेळ करावा, असे कोणीही शहाणा माणूस म्हणणार नाही. पण दूध हवे तर गाय वेत राहिली पाहिजे, आणि निम्मी वासरे नर निपजणार. ट्रॅक्टरने बैलाचे काम हिरावले. महाराष्ट्राने २०१५मध्ये गाईबरोबर बैल आणि वळूंच्या कत्तलीवरही बंदी घातली. २०१९च्या पशुगणनेत देशभरात पन्नास लाखांहून अधिक मोकाट गुरे मोजली गेली. सेवेत असताना अशा एका बैठकीला मी हजर होतो. दूध वाढवण्याच्या योजनेवर तीन तास चर्चा झाली. भाकड जनावरांचा विषय निघाला तेव्हा चहा आला. त्या चहाबरोबर तो विषय संपला, आणि मीही गप्प बसलो.

सप्टेंबर २०२५मध्ये वनस्पतिजन्य दुग्धसदृश पेयांवरील वस्तू व सेवा कर १८ टक्क्यांवरून ५वर आला, हे ठीक झाले. त्याच वेळी वेष्टनबंद पनीर मात्र पूर्णतः करमुक्त झाले. त्याआधी, २०२२च्या नियमांनी व्हीगन पदार्थांच्या वेष्टनासाठी स्वतंत्र चिन्ह आणि तपासणी आणली. उपाहारगृहाच्या ताटाला वेष्टन नसते. तिथे माझी सूचना अगदी कारकुनी आहे. दहा वा अधिक ठिकाणी शाखा असलेल्या साखळ्यांनी पदार्थांतील अॅलर्जीकारक घटक सांगावेत, असा नियम २०२२पासून लागू आहे आणि त्या घटकांत दूध आहेच. नवा कायदा नको, नवे चिन्हही नको. ही माहिती बारीक अक्षरांत कोपऱ्यात न टाकता पदार्थाच्या नावासमोर छापावी, आणि अन्न निरीक्षकाने भेट दिली की तीही पाहावी, एवढेच. शिजवणाऱ्याला फोडणी तेलाची की तुपाची हे ठाऊक असते. वाढणाऱ्यालाही ते नेमके सांगता यावे. मग व्हीगन साखळीने स्वतःची बाजारपेठ स्वतःच्या हिमतीवर शोधावी.

त्या दिवशी बाहेर पडताना नातीने भुजियाचे पाकीट उलटून घटक वाचले आणि दोन पाकिटे घेतली. मेट्रोत ती मला विचारत होती, करोल बागेतल्या त्या गलाईवाल्यांच्या घरी मटकीला मोड आणतात का, की दिल्लीच्या थंडीत ते येतच नाहीत? मला उत्तर देता आले नाही.